उजव्या कोपऱ्यातली बाई

तिकीट हातात पडताच मास्तरीणबाईंनी लेकीची जुनी हॅट भुवयांपर्यंत खाली ओढली, रेनकोटची कॉलर वर केली आणि घड्याळाच्या मनोऱ्याखाली जमलेल्या घोळक्यात सर्वांत मागे जाऊन उभ्या राहिल्या. आकाश निरभ्र होतं. रेनकोट घातलेल्या त्या एकट्याच होत्या, त्यामुळे लपण्याऐवजी चांगल्याच उठून दिसत होत्या. पण हे लक्षात येईपर्यंत उशीर झाला होता. समोरून मास्तर येत होते.

मास्तर म्हणजे त्यांचे यजमान. शाळेत त्यांनी कधीच शिकवलं नव्हतं. एकतीस वर्षं ते पाहुण्यांना जुनं शहर आणि कॅथेड्रल पायी हिंडून दाखवत होते, आणि तेही उलटं चालत. तोंड लोकांकडे, पाठ रस्त्याकडे. लोकांना पाठ दाखवून बोलणं त्यांना असभ्यपणाचं वाटे. गावाने त्यांना उलटे मास्तर करून टाकलं आणि ओघानेच त्यांची बायको मास्तरीणबाई झाली. खरं तर तिचा जन्म शिवणयंत्रावर गेला होता.

गेल्या रविवारी लेकीचा फोन आला होता.

"आई, बाबांचं काहीतरी बिनसलंय. मागे मी तिकडे आले तेव्हा अगदी समोर उभी, आणि विचारतात, कोण आलंय? चहा कपाऐवजी बशीत ओतला. बोलताना भलतीकडेच बघतात. विसरायला लागलेत ते."

"वय झालं की होतं थोडं."

"थोडं नाही. तू एकदा त्यांच्या फेरीला जा, त्यांना न सांगता. चुकत असतील तर आता बास म्हण, आणि दोघं इकडे या. खोली तयार आहे."

खोली तयार होती हे खरं. चौथ्या मजल्यावर, छान उजेडाची. पण तिथे मास्तर कुणाला काय दाखवणार होते? जिना? मास्तरीणबाईंनी आठवडाभर टाळाटाळ केली. पण मास्तर हल्ली त्यांच्याकडेही मान वाकडी करून तिरकं बघत, जणू काही बाईंनी गुन्हा केलाय. दोनदा त्यांनी "रागावलात का?" म्हणून विचारलंही होतं. शेवटी आज दुकानाला कुलूप लावून त्या आल्या होत्या. संध्याकाळी लेकीला काय ते सांगायचं होतं.

"अकराजण ना? चला!" मास्तर म्हणाले आणि उलटे चालू लागले.

त्यांना चालताना बघून मास्तरीणबाईंचा जीव टांगणीला लागला. मागे हातगाड्या, सायकली, उंचसखल फरसबंदी. आणि हा माणूस हात उडवत, गोष्ट रंगवत मागे मागे चाललेला. रंगाऱ्यांच्या गल्लीच्या तोंडाशी एक पायरी होती. बाईंच्या तोंडून "अहो" निघणार, तेवढ्यात मास्तर बोलता बोलता अलगद ती पायरी उतरले. पुढे खांब आला, त्याला वळसा घातला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

"सत्तावीस पावलं आणि एक पायरी," मास्तर म्हणाले. "हे शहर मी पाठीने पाठ केलंय."

सगळे हसले. हा विनोद बाईंनी जेवणाच्या ताटावर इतक्या वेळा ऐकला होता की त्यांना हसायचं भान राहिलं नाही. मग एकदम सगळ्यांच्या नंतर एकट्याच हसल्या. मास्तरांनी मान वाकडी केली. त्यांची नजर हॅटवरून, रेनकोटवरून फिरली.

"ताई, इतक्या मागे राहू नका. पुढे या, ऐकू येणार नाही."

ताई! बाईंना आधी हसू फुटलं. सोंग चांगलं वठलं म्हणायचं. मग पुढे येता येता ते हसू कुठे गेलं कळलं नाही. चार हातांवर उभं राहून अडतीस वर्षं संसार केलेल्या बायकोला ओळखू नये? एक हॅट काय घातली! त्यांचा हात रेनकोटच्या खिशात गेला. खिशात दुकानाची किल्ली होती आणि शिवताना बोटात घालायचं पितळी अंगुस्तान. बाई अस्वस्थ झाल्या की त्याच्याशी चाळा करत. मनोऱ्याखाली वाजलं होतं तसं ते पुन्हा किल्लीवर किणकिण वाजलं.

पुढचा तासभर त्या मास्तरांची एकेक चूक शोधत होत्या. एकही सापडेना. कोणत्या घराला आग लागली, कोणत्या वर्षी पूर कुठवर आला, तट कुणी पाडला, कुणी पुन्हा बांधला, सगळं घडाघडा. टोपीवाले एक गृहस्थ वहीत टिपून घेत होते आणि मधेच उलटतपासणी करत होते. मास्तर त्यांनाही पुरून उरले. एका नवपरिणीत जोडप्याला तर त्यांनी पुलावर असं काही सांगितलं की दोघं लाजून लाल झाली. हा घरी पेपर मागायला दहादा हाक मारणारा माणूस! बाईंना मनातून अभिमान वाटला, आणि आपण एकतीस वर्षं 'उद्या येईन, उद्या येईन' करत राहिलो याची लाजही वाटली.

कॅथेड्रलच्या दाराशी राखणदाराने मास्तरांना बाजूला घेऊन कानात काहीतरी सांगितलं. मास्तरांनी मान डोलावली आणि सगळ्यांना आत घेतलं.

मास्तरीणबाई इथे पूर्वी चार-दोन लग्नांना येऊन गेल्या होत्या. पण प्रत्येक वेळी नजर नवरीच्या पोशाखाच्या शिवणीवर; वर बघायला फुरसत कुणाला? आज त्यांनी वर बघितलं. खांब चढत चढत अंधारात नाहीसे झाले होते. मास्तरांचा आवाज आपोआप खाली आला. बाकांच्या रांगांमधून उलटे चालत ते मधोमध थांबले आणि न वळता त्यांनी मागच्या भिंतीकडे हात उंचावला.

"आता त्या गोल खिडकीकडे बघा."

सगळ्यांनी बघितलं. तिथे खिडकी नव्हती. लोखंडी नळ्यांची परांची होती, आणि छतापासून खालपर्यंत सोडलेलं करडं जाड कापड. दुरुस्ती चालली होती.

"मधोमध निळा," मास्तर म्हणाले. "असा निळा की या वेळी फरशीवर सांडतो. त्याच्याभोवती बारा पाकळ्या, एकेका पाकळीत एकेक महिना..."

जोडप्यातल्या मुलीने नवऱ्याला कोपराने ढोसलं. कुणीतरी खाकरलं. वाकडी मान, बशीतला चहा, 'ताई'. एका क्षणात मास्तरीणबाईंच्या डोक्यात सगळं जागच्या जागी बसलं. मास्तर काही विसरत नव्हते. मास्तरांना दिसत नव्हतं.

टोपीवाल्यांनी वही मिटली. "अहो मास्तर, पण तिथे तर—"

बाईंनी त्यांचा दंड धरला. कापड कापून कापून त्या हाताची पकड कात्रीसारखी झाली होती.

"डोळे मिटून ऐका," त्या म्हणाल्या. "तसंच ऐकायचं असतं हे."

गृहस्थांनी एकदा हॅटखालच्या त्या चेहऱ्याकडे बघितलं आणि मुकाट्याने डोळे मिटले. मग जोडप्याने मिटले. एकेक करून सगळ्यांनी मिटले. शेवटी बाईंनीही.

"आणि खाली, उजव्या कोपऱ्यात," मास्तरांचा आवाज आता अगदी हळू झाला होता, "तळहाताएवढी एक काच आहे. बहुतेकांना दिसतच नाही. सुईत दोरा ओवणारी एक बाई आहे तिथे. मान जरा डावीकडे, दोऱ्याचं टोक ओठांत ओलं करून घेतलेलं. वर एवढे राजे आणि देवदूत बसलेत, पण हिचं कुणाकडेच लक्ष नाही. हातातलं काम झाल्याशिवाय ती वर बघणार नाही. तिला कधी सांगायला जमलं नाही, पण मी रोज आधी तिला बघतो आणि मग बाकीच्यांना."

बाईंनी डोळे उघडले नाहीत. उघडले असते तर पाणी खाली आलं असतं.

फेरी संपली. लोकांनी मास्तरांचे हात हातात घेऊन निरोप घेतला. टोपीवाले गृहस्थ तर काही न विचारता गेले. मास्तरीणबाई दाराजवळच्या बाकावर बसून राहिल्या. मास्तर बाकांच्या पाठींवर हात टेकत आले. एक, दोन, तीन. चौथ्यापाशी थांबले.

"ताई, दमलात? निघू या का घरी?"

बाईंनी हॅट काढली. "कधी ओळखलंत?"

"मनोऱ्यापाशीच. खिशात अंगुस्तान वाजवत फिरणारी बाई या गावात एकच आहे." ते शेजारी बसले. "अडतीस वर्षांत पहिल्यांदा तुला ताई म्हणालो. जीभ लुळी पडायची वेळ आली होती."

बाई हसल्या नाहीत. "चेहऱ्यावरून नाही ओळखलंत?"

मास्तरांनी गुडघे चोळले.

"मधलं दिसत नाही गं आता. कडेकडेचं दिसतं. तू समोर आलीस की तुझं तोंडच जातं. मान वळवली की निदान कान तरी दिसतो."

"म्हणून तिरकं बघता होय! आणि मी समजतेय रागावलेत." बाईंनी हॅट मांडीवर आपटली. "सांगायला काय झालं होतं?"

"सांगितलं असतं तर लेकीने उद्याच्या उद्या सामान बांधलं असतं." मग त्यांनी विचारलं, "खिडकी कशी वाटली?"

बाईंनी त्या करड्या कापडाकडे बघितलं.

"तुम्ही सांगितलीत तशीच," त्या म्हणाल्या.

संध्याकाळी लेकीचा फोन आला. "कुठे चुकले का बाबा?"

"एक अक्षर विसरत नाही तो माणूस. डोळे गेलेत, स्मरण नाही. बुधवारी डॉक्टरांकडे जातोय. तिथून फोन करते."

"आणि फेऱ्या? अगं, न दिसता उलटं चालायचं—"

"चालायचं. मी असेन की त्यांच्या पाठीशी. सकाळचं दुकान मी बंद करतेय."

लेक बराच वेळ वाद घालत होती. बाईंनी तिला सगळं सांगितलं. खिडकीचं तेवढं सांगितलं नाही. ते त्या कुणालाच सांगणार नव्हत्या, मास्तरांना तर नाहीच नाही.

डॉक्टरांनी गेलेली नजर परत येणार नाही असं सांगितलं; राहिलेली टिकवायला औषध दिलं. त्या आठवड्यापासून फेरीला दोन माणसं झाली. मास्तर उलटे चालत, आणि त्यांच्या पाठीमागे चार पावलांवर मास्तरीणबाई सुलट चालत. पायरी आली की अंगुस्तान किल्लीवर एकदा वाजे, गाडी आली की दोनदा. पाहुण्यांना वाटे, बाईंना काहीतरी चाळा आहे. कॅथेड्रलमध्ये मात्र मास्तर आता खिडकीपाशी थांबत नसत. "तिचं आजारपण चाललंय," एवढंच म्हणून पुढे जात. खिडकी झाकलीय हे त्यांना राखणदाराने नंतर कधीतरी सांगितलं असणार, असं बाईंनी धरून चाललं आणि विषय काढला नाही.

सहा महिन्यांनी एका सकाळी त्या आत शिरल्या आणि थबकल्या. परांची गेली होती. कापड गेलं होतं. फरशीवर निळं ऊन सांडलं होतं. मधोमध निळा, भोवती बारा पाकळ्या, अगदी तस्सं. बाईंनी श्वास रोखून नजर खाली उतरवली. उजव्या कोपऱ्यात तळहाताएवढी काच होती.

तिथे एक गाढव होतं.

बाईंनी चष्मा पुसून पुन्हा बघितलं. गाढवच. पाठीवर दगड लादलेलं, कान पाडलेलं. त्यांनी डावा कोपरा बघितला, मग सगळा काठ फिरून बघितला. सुई कुठेच नव्हती.

"आणि खाली उजव्या कोपऱ्यात," तिकडे मास्तर लोकांना सांगत होते, "गाढव. हे कॅथेड्रल बांधलं राजाने, पण दगड वाहिले याने. एकतीस वर्षं मी याला रोज नमस्कार करतोय."

लोक हसले. फेरी संपली, सगळे पांगले. मास्तर बसले होते त्या बाकाशी बाई आल्या.

"ती बाई कुठाय?"

"कोणती बाई?"

"सुईत दोरा ओवणारी."

मास्तरांनी मान वळवली. बायकोचा कान दिसेपर्यंत वळवली.

"ती होय," ते म्हणाले. "ती त्या कापडावर होती."