रोमहून आलेला फोटो

शिकारीचा सिनेमा काढायला आलेल्या इटालियन मंडळींबरोबर हे रोमला गेले, त्याला दोन वर्षं झाली. तिथल्या सिनेमांत ते लहानसहान कामं करतात, कधी शिपाई, कधी हमाल. तीन महिने पत्र नव्हतं. काल आमच्या गावी, किन्हीराजाला, पाकीट आलं, त्यात नुसता फोटो. हे दगडी पायरीवर पडलेले, डोळे मिटलेले, छातीवर काळा डाग. मागचं परक्या भाषेतलं लिहिणं गावात कोणालाच वाचता येईना.

"मेल्यावरचाच फोटो धाडला त्यायनं," सासूबाई म्हणाल्या आणि बांगड्या फोडायला त्यांनी माझा हात धरला. हे गेल्यावर झालेलं बाळ मांडीवर दूध पीत होतं. हात सोडवून मी फोटो उजेडात धरला.

"आत्याबाई, सिनेमातलं मरण असंन हे. पायाचा अंगठा पाहा ना, कसा आवळला हाये."

त्यांनी फोटो नाकाशी नेला.

"लहानपनी मार चुकवायले झोपेचं सोंग घे, तवा असाच अंगठा आवळून राहे लबाड," म्हणत त्या मटकन खाली बसल्या.

आज दुपारी बाळ निजल्यावर मी तो अंगठा पुन्हा पाहिला. चारदा पाहिला.