कपाटातला आवाज

आमचा दादा पोटासाठी प्रेमकथा वाचतो, तोही कपाटात बसून. भिंतीतल्या मोठ्या कपाटात रजया टांगल्या की बाहेरचा आवाज आत फारसा येत नाही. तिथे तो माइकसमोर वाचतो आणि लोक मोबाइलवर ऐकतात. त्याच्या आवाजावर बायका जीव टाकतात म्हणे. त्यांनी त्याला घोरताना ऐकलेलं नाही. तो आत गेला की आम्ही शिंकायलासुद्धा जिन्यात जायचं.

मग कंपनीने त्याच्याच आवाजाचं यंत्र तयार केलं. ते घसा बसला म्हणून सुट्टी मागत नाही. एका सकाळी कंपनीच्या बाई लॅपटॉप घेऊन आल्या. एकच उतारा दोघांनी वाचलेला, एकदा दादाने, एकदा यंत्राने. खुद्द बायकोलाच फरक कळला नाही, तर पुढची सगळी पुस्तकं यंत्राची.

दादाचा चेहरा उतरला. "संपलं! ही माझं कधी ऐकते?" तो माझ्या कानाशी पुटपुटला.

"हे ऐकलं," वहिनी म्हणाली.

उताऱ्यातला नवरा रुसलेल्या बायकोची समजूत घालत होता. पहिला आवाज अगदी दादाचा. दुसराही अगदी दादाचा. मी हात टेकले. वहिनीने कपड्यांच्या घड्या घालता घालता, मानही न उचलता सांगितलं, "दुसरा आमचा."

"कशावरून?" बाई चमकल्या.

"पहिला 'चुकलं माझं' कसं झटकन म्हणून गेला! दुसरा तिथे अडला, खाकरला, मग कसाबसा म्हणाला. लग्न झाल्यापासून हे दोन शब्द यांच्या तोंडून सरळ बाहेर पडलेले नाहीत."

बाईंनी ती जागा पुन्हा ऐकली. मग पुन्हा. "हे मात्र यंत्राला जमत नाही हो," त्या हळूच म्हणाल्या. निकाल लागला: चांदणं, पाऊस, नायिकेचे डोळे यंत्राकडे, माफी मागायच्या जागा दादाकडे.

"म्हणजे मी दिवसभर नुसती माफीच मागायची?"

"निदान कुणाची तरी मागाल," वहिनी म्हणाली.

हल्ली दुपारी दादा कपाटात शिरला की वहिनी दाराशी खुर्ची ओढून बसते. हातात काम नसतं. परवा तो घामाघूम होऊन बाहेर आला आणि तिला बघून दचकला.

"जमलं का गं?"

"शेवटचं नीट ऐकू आलं नाही," ती म्हणाली. "इथे बाहेर उभे राहून म्हणा बघू."

दादा खाकरला.