बडग्याच्या गळ्यातलं पुस्तक

माह्या नवऱ्याचा शर्ट घालून बडग्या चौकात उभा होता, अन् तो शर्ट मीच देल्ला होता. सांगा, डोकं फिरणार नाही त काय होईन?

सौंसरात पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्या मोहल्ल्यातून बडग्या निघते. तणसाचा भला मोठा बाहुला. वर्षभर ज्याचा राग आला त्याचं सोंग त्याले द्यायचं, 'इडा-पिडा घेऊन जा गे मारबत' ओरडत गावाबाहेर न्यायचं अन् जाळायचं. महागाईचा झाला, रस्त्यावरच्या खड्ड्याईचा झाला, एका वर्षी डासाचा झाला. पोरं त्यासाठी घरोघरी जुने कपडे मागत फिरतात. यंदाही आली. मी सराईचा निळ्या चौकड्याचा शर्ट काढून देल्ला, वरून पोराईच्या हातावर करंज्या ठेवल्या. करंज्या, बाप्पा!

सर म्हणजे आमचे हे, रवींद्र सर. कॉलेजात इतिहास शिकवला, रिटायर झाले अन् पुस्तकाच्या मागे लागले. या भागातली देवळं, पंथ, देवळाच्या जमिनी अन् त्या जमिनीवरून झालेलं राजकारण. लोधीखेड्यात नाही त रामाकोन्यात कोणाकडे जुना कागद आहे असं ऐकलं, की काढली स्कूटर. ताट वाढलेलं, माणूस गायब. मी काय कमी बोलली असन? पण पुस्तक छापून आलं तवा त्यांनी ते पहिले माह्या हातात ठेवलं, अन् मले रडू आलं.

मग त्यातल्या एका पानाचा फोटो मोबाईलवर फिरला. पानावर लिहिलं होतं, की इथल्या लोकाईचे पूर्वज देवळाचं सोनं चोरून वऱ्हाडातून पळून आले. झालं! तिगावपासून फोन सुरू. ज्याईनं जन्मात पुस्तक हातात धरलं नाही, ते मले विचारून राहिले, सराईचं डोकं ठिकाणावर आहे का?

आता सराईची पद्धत ऐका. समोरच्याचं म्हणणं आधी पुरं मांडायचं, त्याच्याच तोंडानं मांडायचं, अन् मग मुळापासून खोडायचं. याले पूर्वपक्ष म्हणतात म्हणे. घरी भांडतानाही तेच. "सुनंदा, तुझं म्हणणं असं आहे, की माझं घरात लक्ष नाही," इथून सुरुवात. अहो, माह्यं म्हणणं मले माहीत आहे, तुमचं सांगा ना! तर त्या पानावर कोण्या गोऱ्या साहेबाचं म्हणणं होतं. पान उलटलं, की मागच्या बाजूले सराईनं त्या साहेबाची पार सालटी काढली होती. पण उलटते कोण? फोटो एकाच बाजूचा निघते.

पोळ्याच्या आधी गजेंद्र घरी आला. खता-बियाण्याचं दुकान आहे त्याचं, नगरपालिकेले उभं राहाचं चाललं आहे, अन् सराईच्याच हाताखाली शिकला. चहा पिऊन म्हणते, "सर, ते पान सगळ्या पुस्तकातून काढून टाका अन् चौकात येऊन माफी मागा. लोक ऐकून नाही राहिले."

"गजेंद्र, मागची बाजू वाचली का?" सराईनं विचारलं.

"मी समजतो सर. पण लोकाईच्या भावना..."

भावना! माह्या घरचा चहा पिऊन मले भावना सांगते.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ढोल वाजले तवा सर पुस्तकाचे खोके उघडून ब्लेड घेऊन बसले होते. "पान काढून टाकतो, सुनंदा. मग जाऊन माफी मागतो. कटकट नको."

"मागची बाजूही जाईन ना त्याच्यासंग! तुमचं उत्तरच जाईन!"

"जाऊ दे."

ज्या माणसाशी मी आयुष्यभर भांडली, तो असा 'जाऊ दे' म्हणणारा नव्हता. मी चपला घातल्या अन् तशीच निघाली.

चौकात गेली त बडग्याच्या अंगावर तो चौकड्याचा शर्ट, डोळ्यावर काजळानं काढलेला चष्मा, अन् गळ्यात सुतळीनं बांधलेलं सराईचं पुस्तक. बाजूले गजेंद्र उभा. मले पाहून ढोल बंद पडले. मी जवळ गेली, पुस्तक हातात घेतलं, अन् पाहते त काय? वरचं प्लॅस्टिक जसंच्या तसं! उघडलंच नव्हतं.

"काय रे गजेंद्र," मी म्हटलं, "हे सराईनं तुले भेट देल्लं होतं ना?"

"काकू, तुम्ही घरी जा."

"काहून जाऊ? माह्याच नवऱ्याले जाळून राहिले ना तुम्ही? मले पाहू द्या!"

सुतळी मी दातानं तोडली. प्लॅस्टिक फाडलं, ते पान शोधलं, उलटलं, अन् मोठ्यानं वाचलं. साहेबाचं म्हणणं धादांत खोटं आहे, इथल्या लोकांनी चोरी केली नाही, उलट देवळाची जमीन सरकारात जाऊ नये म्हणून ते भांडले, त्यापायी घरदार सोडून इकडे आले, अन् त्याचे कागद हे. असं सगळं. माह्या आवाजाचं काय सांगू, चिरकत होता, पण थांबली नाही.

मग गजेंद्र हळूच म्हणाला, "काकू, ही बाजू मोबाईलवर आली नव्हती."

"बह्याडा, तुह्या घरी पुस्तक होतं!"

"आता काय करता, काकू? बडग्या त बनला आहे. लोक जमले. जाळावं त लागन."

मी बडग्याच्या शर्टाच्या गुंड्या काढल्या, शर्ट ओढून काढला. आत नुसतं तणस. "जाळा आता," मी म्हटलं. "चष्मा पुस अन् तुह्यं नाव दे त्याले." अन् पुस्तक शर्टात गुंडाळून घरी निघाली. मागून ढोल पुन्हा वाजले, जरासे चाचरत.

रस्ताभर मी मनात जुळवत होती, सराईले काय काय सांगन. प्लॅस्टिकचं सांगन, गजेंद्रचं तोंड कसं उतरलं ते सांगन. कधी नाही ते हसतीन.

घरात शिरली त सर जमिनीवर बसलेले. एका बाजूले पुस्तकाच्या चळती, दुसऱ्या बाजूले कापलेल्या पानाची चळत. सगळे खोके रिकामे. एकही पुस्तक त्यांनी सोडलं नव्हतं.

मी शर्ट उघडून बडग्याच्या गळ्यातलं ते पुस्तक त्याईच्या समोर ठेवलं. "घरात हे एकच धड उरलं," मी म्हटलं. "मी चौकात वाचलं. सगळ्याईनं ऐकलं."

सराईनं पुस्तकाकडे पाहिलं, माह्याकडे पाहिलं. मग ब्लेड उचललं अन् हात पुढे केला.

"तेही दे, सुनंदा. कटकट नको."

मी पुस्तक छातीशी धरलं. "याले हात लावला," मी म्हटलं, "त पुढच्या पोळ्याले तुमचा बडग्या मी बनवीन!"