पोळ्याची तारीख

“तारीख सोडून बाकी समदं कबूल हाय, भाऊसाहेब,” सहादेव हळू आवाजात म्हणाला.

राहुरीच्या मामलेदार कचेरीतले कारकून शरच्चंद्र राजहंस यांनी चष्मा कपाळावर सरकवला. चोरट्या वाळूच्या गाड्या सोडवायला येणारे वाळूच नाकारत, नदी नाकारत. तारखेवर अडलेला हा पहिलाच.

“पोलिसांनी गाडी धरली तीच तारीख पडणार. गुन्हा कबूल कर, दंड भर. साहेब तडजोडीत मिटवतील. संध्याकाळी बैल घरी. नाहीतर कोर्टात जा आणि गाडी सडू दे चौकीत.”

“एक दीस अलीकडची टाका की. पाया पडतो.”

“का रे बाबा?”

सहादेवने दाराकडे पाहिलं. बाहेर ओट्यावर त्याचे वडील, कारभारीआबा, पटका सारखा करत बसले होते. जमीन त्यांच्या नावावर, म्हणून जामीनही तेच.

बहात्तर सालचा दुष्काळ. भर पावसाळ्यात मुळा नदीचं पात्र उघडं पडलं होतं. वाळूचा ठेकेदार म्हणाला होता, “पोळ्याला नदीवर कोण येतंय? त्या दिवसाच्या खेपेला दुप्पट देतो.” आबा तेव्हा शेवगावला लेकीकडे गेले होते. आदल्या संध्याकाळी सहादेवने रीतीप्रमाणे बैलांचे खांदे हळद-लोण्याने मळले, ‘उद्या जेवायला या’ असं आवतण दिलं आणि पहाटे त्याच खांद्यांवर जू ठेवलं.

पोलीस नदीच्या उतारावरच उभे होते.

दुपारी आबा परतले. “बैलं कुठं हायती?” सहादेव म्हणाला, “काल दीस मावळता धरली.” त्याची बायको मालनबाई उठून चुलीपाशी गेली. आबांनी गोठ्यातल्या मोकळ्या खुंट्यांना हळदकुंकू वाहिलं.

साहेबांनी बापलेकांना आत बोलावलं. राजहंसांनी मजकूर मोठ्याने वाचला. पोळ्याच्या दिवशी सकाळी, वाळूने भरलेली गाडी, बैल जुंपलेले.

“खरं आहे?” साहेबांनी विचारलं.

सहादेवच्या आधी आबाच हसले. “न्हाई साहेब. आदल्या दिशी धरली. पोळ्याला आमी बैलाला जू दावत बी न्हाई. पोलिसांची चूक झाली आसंल.”

“मग हवालदाराला बोलवावं लागेल. चौकशी होईस्तोवर गाडी-बैल सुटणार नाहीत.”

“ऱ्हाऊ द्या की. आमी थांबतो. पर खोटं वाचू नगा.”

आबा ताठ उभे होते. गावात पोळ्याला मानाची जोडी त्यांचीच पुढे असे. सहादेवने मान खाली घातली.

“आबा, चूक न्हाई झाली. पोळाच हुता.”

आबांनी त्याच्याकडे पाहिलं नाही. साहेबांच्या टेबलापाशी जाऊन त्यांनी स्वतःच अंगठा पुढे केला. “कुठं लावायचा, दावा.”

चौकीच्या आवारात बैलांची शिंगं हिंगुळाने रंगवलेली होती. हवालदाराची बायको केशरबाई पदराला हात पुसत आली.

“सणाच्या दिशी मुकं जनावर उपाशी कसं ठेवायचं, आजोबा? शिंगं रंगवली, पुरनपोळी घातली दोघांला.”

“आमच्या घरचं तुमी केलं, बाई,” आबा म्हणाले. त्यांनी एका बैलाच्या खांद्यावरून तळवा फिरवला, मग दुसऱ्याच्या.

सहादेवने गाडीचं जू उचललं.

“ठेव ते.”

“आबा, गाडी...”

“गाडी तुजी हाय. बैलं माजी.”

दोन्ही कासरे हातात घेऊन आबा फाटकाबाहेर पडले. बैल त्यांच्या मागोमाग चालू लागले.

“काय रे, नेतो का न्हाई गाडी?” हवालदार ओरडला. “जागा अडलीय.”

सहादेव जुवाखाली शिरला. त्याने दोन्ही हातांनी ओढलं. चाकं जेमतेम हलली.

केशरबाई आत गेली आणि तिने दार लोटून घेतलं.