आवाजाला बक्षीस, पाठीला बक्षीस

"केसं विंचरणारीला दिलं म्हनं. केसं विंचरणारीला!"

उषाबाई हे कुणाला उद्देशून म्हणाल्या नव्हत्या. मांडीवरच्या सुपात शेंगा फोडता फोडता त्या पुटपुटल्या आणि शेजारी खेटून बसलेल्या दैवशालाला, म्हणजे जालन्याहून माहेरी आलेल्या त्यांच्या थोरल्या लेकीला, तेवढं ऐकू आलं. समोर टीव्हीवर बक्षीस समारंभ चालला होता. 'सातपाताळ' मालिकेच्या नागराणीचे केस विंचरणारी बाई मंचावर जाऊन रडत होती आणि अख्खी मुंबई उभी राहून टाळ्या वाजवत होती.

"माय, शेंगा फोड तू," दैवशाला म्हणाली.

"फोडूनच राह्यले ना. बोलू बी नको का?"

बोलायला उषाबाईंकडे भरपूर होतं आणि ते सगळं वहीत लिहिलेलं होतं. दैवशालाची लेक आकांक्षा दहावी झाली तेव्हा तिच्या गणिताच्या वहीची निम्मी पानं कोरी राहिली होती. चौथी शिकलेल्या उषाबाईंनी त्यांवर 'सातपाताळ'च्या आठ वर्षांतल्या बक्षिसांची यादी केली होती. पहिल्या वर्षी गाण्याला. दुसऱ्या वर्षी नागराणीच्या कपड्यांना. तिसऱ्या वर्षी कासवमुनींच्या आवाजाला. चौथ्या वर्षी कासवमुनींच्या पाठीला; म्हणजे ती रबराची पाठ ज्यानं रंगवली त्याला. पाचव्या वर्षी लोकप्रिय सासूला, जी मालिकेत चेटकीण होती. प्रत्येक पानाखाली मोठ्या, वाकड्या अक्षरांत एकच ओळ: 'आपल्याला न्हाई.'

कासवमुनींच्या पाठीखाली उषाबाईंचा मुलगा होता. कल्याण.

केदारखेड्याच्या पुढं दोन कोसांवर त्यांचं गाव. चैत्रात तिथं सोंगं निघायची, आणि दशावतारातलं कासवाचं सोंग पिढ्यान्‌पिढ्या यांच्या घराकडं. लाकडी पाठ बांधून चार पायांवर अख्ख्या गावाला फेरी मारायची. लहानपणी बैलगाडीवरून पडून कल्याणचं डावं मनगट वाकडं जुळलं होतं, म्हणून त्याचं कासव डावा पंजा जरा बाहेरच्या अंगाला टाकायचं, चार पावलं चालून थांबायचं, दम खायचं. बघणाऱ्याला वाटावं, हे कासव हजार वर्षं चालत आलंय. कुणीतरी त्याची चित्रफीत काढली, ती मुंबईला पोचली आणि कल्याण रबराच्या पाठीखाली गेला. देशभरातली पोरं घरात रांगून कासवमुनींची नक्कल करायची. कल्याणचं तोंड मात्र कुणी पाहिलं नाही. मालिकेच्या शेवटी नावं पळतात, त्यातही त्याचं नाव 'इतर सहकारी' या दोन शब्दांत मावलेलं.

"आवाजाला बक्षीस, पाठीला बक्षीस," उषाबाई दर वर्षी म्हणायच्या, "मंग मधल्या माणसाला काय? तो काय भुसा हाय व्हय, भरलेला?"

तेवढ्यात टीव्हीवरची बाई लिफाफा फाडून किंचाळली, "आणि या वर्षीचा सर्वोत्कृष्ट दृश्य परिणाम... कासवमुनी!"

पुढचं कुणी ऐकलंच नाही. शेजारपाजारची दारं धडाधड उघडली. पोरं ओरडत पारावर पळाली, सरपंच भुजंगरावांनी दिवाळीची उरलेली माळ लावली, आणि "कल्याणला भेटलं, कल्याणला भेटलं" असं अख्खं गाव बोंबलत सुटलं. मंचावर काळ्या कोटातली दोन पोरं गेली, आपल्या संगणकाच्या कंपनीचं नाव घेऊन बक्षिसाची बाहुली उंचावून आली, ते बघायला टीव्हीसमोर तिघीच होत्या. दैवशाला, आकांक्षा आणि उषाबाई. उषाबाई जागच्या हलल्या नव्हत्या. त्यांनी हातातली शेंग फोडली, दाणे सुपात टाकले आणि टरफल नुसतंच बोटांत धरून बसल्या.

दैवशालानं टीव्हीचा आवाज बारीक केला. तिला माहीत होतं.

दोन वर्षांपूर्वी कल्याण तिच्याकडं जालन्याला, मस्तगडातल्या घरी आला होता. ती शिलाई मशीनवर ब्लाउज शिवत होती आणि तो खाली फरशीवर बसून सांगत होता. पंधरा दिवस त्याला अंगासरशी काळा कपडा घालून, जागोजागी टिकल्या चिकटवून चालवलं. चाल म्हणले, थांब म्हणले, बस म्हणले. त्याला वाटलं, बढती झाली. सोळाव्या दिवशी स्टुडिओच्या फाटकावरच सांगितलं, उद्यापासून येऊ नको, तुझी चाल आता संगणकात आहे. त्यानं कसल्याशा कागदावर सही आधीच केली होती. तेव्हापासून तो भिवंडीला एका गोदामात खोकी उचलत होता.

"आक्का, मायला सांगू नको," तो म्हणाला होता. "तिच्या वहीत अजून पानं शिल्लक हायेत."

दैवशालानं सांगितलं नाही. त्या दिवशीचा ब्लाउज मात्र तिनं इतका चुकवला की गिऱ्हाईक बाई आठ दिवस भांडत होती.

दुसऱ्या दिवशी भुजंगराव दारात आले. रविवारी सत्कार ठरला होता. दैवशालानं त्यांना बाजूला घेतलं, गोठ्याजवळ.

"भुजंगदादा, तुम्हाला एक सांगायचंय."

"मला माहिती हाय," भुजंगराव खाली बघत म्हणाले. "आकांक्षानं फोनवर दावलं सकाळी. कंपनीला हाय ते बक्षीस."

"मंग?"

"मंग काय, मंग? ब्यानर छापायला गेलंय. बँजोवाल्याला सुपारी दिली. आन् काकूला कुणी सांगायचं? आठ वर्षं झाले, ती माऊली वही घेऊन बसलीय. तू सांगती का?"

दैवशालानं गाईच्या दाव्याची गाठ उगाच सोडून पुन्हा बांधली.

"बघ. तुझ्याच्यानं व्हत न्हाई, मंग मी कसा सांगू?"

तिला इतका संताप आला की भुजंगरावांचा, काळ्या कोटवाल्या पोरांचा, त्या केस विंचरणाऱ्या बाईचा, सगळ्यांचा एकदमच आला. सगळ्यात जास्त स्वतःचा. चोरी ज्यांनी केली ते मंचावर हसत होते, आणि तोंड लपवायची पाळी आपल्यावर! दोन दिवसांत तर तिच्या ध्यानात आलं की गावात बहुतेकांना कळलंय. पिठाच्या गिरणीवर ती गेली की बोलणं थांबायचं. मग कुणीतरी फार मोठ्यानं म्हणायचं, "लई भारी झालं बाई कल्याणचं!"

रविवारी सकाळी ती कल्याणला घ्यायला जालन्याच्या स्टँडवर गेली. तो खांदे पाडून एसटीतून उतरला. चाळिशीच्या आतच म्हातारा दिसायला लागला होता.

"कशाला आलास रे? काम हाय म्हणायचं. ताप आला म्हणायचं."

"मायचा फोन आल्ता."

"काय म्हनली?"

"'ये' म्हनली. एवढंच. ठिवून दिला." तो गावाकडच्या जीपमध्ये अंग चोरून बसला. "आक्का, मी ती शाल घेऊ कशी? ज्यानं माझी भाकर खाल्ली, त्याच्या नावानं?"

दैवशालानं त्याचं वाकडं मनगट तेवढं हातात धरून ठेवलं, थेट गाव येईपर्यंत.

पारावर ब्यानर लागलं होतं. भलंमोठं कासव, आणि कोपऱ्यात कल्याणचा पासपोर्टचा फोटो, टपाल तिकिटाएवढा. बँजो वाजला. गाव जमलं. भुजंगराव माइक धरून घामाघूम झाले होते, पण बोलत सुटले होते, कारण थांबले तर खरं बोलावं लागलं असतं.

"तर आपल्या मातीतले कासवमुनी! सात वर्षं डावललं, पण आठव्या वर्षी मुंबईला झुकावं लागलं! कासवमुनींनी पुढं यावं, ही विनंती."

कल्याण पुढं आला. मान खाली. भुजंगरावांनी त्याच्या खांद्यावर शाल टाकली तेव्हा दोघांनीही एकमेकांकडं बघितलं नाही. टाळ्या पडल्या, पण सोंगाच्या वेळी पडतात तशा नाहीत. कुणाच्या तरी घरी जाऊन, बसा म्हटल्यावर भिडेखातर बसावं, तशा. दैवशाला दोनदा उठायला गेली आणि दोनदा पदर सारखा करून खाली बसली.

मग बायकांतून उषाबाई उठल्या. हातात पाण्याचा तांब्या.

गाव चमकलं. सोंगाची रीत सगळ्यांना ठाऊक होती. सोंग अंगावर आहे तोवर त्या माणसाला नावानं हाक मारायची नाही. कासव म्हणायचं, मुनी म्हणायचं, नाव घ्यायचं नाही. सोंग उतरलं की आईनं पायांवर पाणी घालायचं आणि नाव घ्यायचं. मगच तो माणसांत आला. पण इथं तर अंगावर सोंगच नव्हतं.

उषाबाईंनी वाकून लेकाच्या पायांवर पाणी घातलं. चपला भिजल्या, पँटचे काठ भिजले.

"काकू, ते मागून करू," भुजंगराव माइकवरच पुटपुटले. "आधी नारळ..."

"थांब रे भुजंगा. लई बोललास." त्या सरळ उभ्या राहिल्या. "कल्याण."

त्याची मान वर झाली नाही.

"कल्याण, हिकडं बघ. ते कासव तुझ्यावानी चालतं. पंजा तुझ्यावानी टाकतं. चार पावलं झाले की थांबतं बी. पण दम लागत न्हाई त्याला. तू थांबला की पाठ वर-खाली व्हायची, मला हितं बसून कळायचं, लेकरू थकलं म्हणून. दोन वर्षं झाले, बघून राह्यले मी. एकदा बी पाठ हालली न्हाई."

दैवशालाच्या हातातला पदर तसाच राहिला. दोन वर्षं! दोन वर्षं आपण हिला जपत होतो, आणि ही आपल्याला.

उषाबाईंनी कल्याणच्या खांद्यावरची शाल ओढून काढली, घडी घातली, नीट, कोपऱ्याला कोपरा लावून, आणि भुजंगरावांच्या हातात दिली.

"त्या कासवात तू न्हाईस," त्या लेकाला म्हणाल्या, आणि मग गावाकडं वळल्या. "तुमाला समद्यायला ठावं हाय, मला बी ठावं हाय. माझ्या लेकराची चाल काढून घेतली आन् लेकराला हाकलून दिलं. त्या चोरीला बक्षीस दिलं त्यायनं. आन् आपुन हितं फटाके उडवले."