चोरलेल्या काडीचं नाव

गावच्या आंबट चेरीला आपलं नाव लागावं, एवढीच अम्ब्रुशकाकांची शेवटची इच्छा होती. मूलबाळ नाही, बायको जाऊन अकरा वर्षं झालेली. नाव राहायचं तर झाडावरच. तिसा नदीकाठच्या त्या भागात चेरीला एक तर गावाचं नाव मिळतं, नाही तर ज्याच्या अंगणातून ती पसरली त्याचं. आणि ही पसरली काकांच्या अंगणातून, हे शेंबडं पोरही सांगेल.

सांगेल कसलं! नाव नोंदवायला बुडापेश्टहून बाई आल्या आणि गावाची दातखीळ बसली. कलमाची काडी मागून घेतली तर जगत नाही, ती चोरावीच लागते. आणि कुणाची ते सांगितलं तर फळतं झाडही वठतं, ही तिथली पक्की समजूत. तीस वर्षं काका दर मार्चमध्ये मुद्दाम झाडाकडे पाठ करून बाकावर बसत आणि मागे गावकऱ्यांचा चाकू चालू देत. चोरीचा मामला, हळूच बोंबला.

"काडी कुठून आणलीत?" बाई दारोदार विचारत होत्या.

"आणायची कशाला? आपोआप उगवलं की."

चाळीस घरांत चाळीस झाडं आपोआप उगवली होती. काका मागून चडफडत चालत होते.

शेवटचं घर शेजारच्या केलेमेनचं. कुंपणावरून भांडण झालं तेव्हापासून वीस वर्षं दोघांचा अबोला.

"ह्याच्याकडून चोरली," केलेमेन म्हणाला. "माझं झाड वठलं तर वठू दे. म्हातारा खडूस आहे, पण चेरी त्याचीच. लिहा बाई, त्याचं नाव."

काकांना भरून आलं. आपल्यासाठी जन्मात कुणी एवढं सोसलं नव्हतं.

"आता तुमचं सांगा, काका," बाई म्हणाल्या. "तुम्ही काडी कुठून आणलीत?"

काकांनी केलेमेनकडे पाहिलं. त्याच्या बापानेही एका मार्चमध्ये असंच पाठ करून त्यांना काडी कापू दिली होती. पुढच्या थंडीत ते मूळ झाड मेलं, आणि बाप कुणाला न सांगताच गेला. ही गोष्ट आता एकट्या काकांनाच ठाऊक होती.

"पाखरानं बी टाकलं असेल कुठून तरी," काका म्हणाले.

बाईंनी नाव लिहिलं. मग केलेमेनने वीस वर्षांत पहिल्यांदा हात पुढे केला, आणि काकांना तो हातात घ्यावा लागला.