खुंटीवरचा छोटा कोट

“अहो, या एवढ्याशा खाटेवर दोघी कशा मावणार?” धाकटीने विचारलं.

“दोघी कुठे, आजी? ती एकटीच तर झोपते,” दिग्दर्शक म्हणाला.

“एकटी कशी? मग मी कुठं जाते?”

दिग्दर्शकाने हातातला चहा खाली ठेवला. बिचारा भला माणूस होता. खोटं बोलणं त्याला जमत नव्हतं आणि खरं सांगायची पंचाईत झाली होती.

धाकटीने सत्तरी कधीच ओलांडली होती. आईवडील गेले, थोरलीही गेली, तरी ही धाकटीच राहिली. थोरली म्हणजे नावाजलेली कवयित्री. तिच्या तरुणपणावर टीव्हीची मालिका निघत होती. जुनं घर हुबेहूब उभं राहावं म्हणून धाकटीला स्टुडिओत बोलावून घेतलं होतं. सकाळी खोली पाहताच तिला आपलंच घर दिसलं होतं. तेच उतरतं छप्पर, खिडकीखाली आईचं शिवणयंत्र, कोपऱ्यात वडिलांचं कुलुपं दुरुस्त करायचं टेबल. चुकली होती ती फक्त खाट.

“आजी, राग मानू नका,” दिग्दर्शक म्हणाला. “ताई स्वतःच सगळीकडे सांगायच्या, त्या घरात मी एकटी वाढले म्हणून. आम्ही तेच धरलंय. तुमचं पात्र नाहीये.”

हे धाकटीने पूर्वीही ऐकलं होतं. कवितेच्या माणसांचं बोलणं तसंच असायचं, एकटी म्हणजे मनाने एकटी, अशी तिने स्वतःची समजूत घातली होती. पण ही अरुंद खाट डोळ्यांसमोर होती, तिचं काय करायचं? थोरलीला कॉलेजात जाता यावं म्हणून हिने शाळा सोडली आणि तयार कपड्यांच्या कारखान्यात काजं-बटणं करायला लागली. कुणी बळजबरी केली नव्हती, आपणहून गेली होती आणि त्याचं तिला कधी वाईटही वाटलं नव्हतं. आज मात्र फार वाईट वाटलं. त्या घरात आपणही होतो हे कुणाला तरी दिसावं, एवढीच तिची इच्छा होती.

पण रुसायचं तर समजूत काढणारं कुणी लागतं. धाकटी पदर खोचून... छे, डोळे पुसून कामाला लागली. फळीवर भांडी लावली, दिव्याची जागा बदलली. कपडेपटातल्या बाईंनी कोटांचा ढीग आणून दिला, तोही दाराजवळच्या खुंटीला लावून टाकला.

दिवसभर चित्रीकरण झालं. आईचं बोलणं, वडिलांचा राग, थोरलीचं खिडकीशी बसणं, सगळं झालं. शेवटच्या उरलेल्या प्रसंगात थोरली झालेल्या नटीने खुंटीवरून आपला कोट काढला आणि त्याच्याखाली दुसरा कोट दिसला. आखूड बाह्यांचा, छोटा.

“हा कुणाचा?” कंटिन्युइटीवाल्या बाई ओरडल्या. मागच्या शॉटमधलं पुढच्या शॉटमध्ये जागच्या जागी आहे ना, हे बघणं त्यांचं काम.

धाकटी ओशाळली. “मीच लावला बाई. थोरली लवकर निघायची ना, म्हणून तिचा वर असायचा, माझा खाली. हाताला सवय. काढते हं.”

“अहो, हात लावू नका! सगळ्या शॉटमध्ये त्याची कड दिसतेय. आता काढला तर गेला कुठे म्हणून लोक विचारतील.”

दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. “राहू द्या. आता शेवटच्या भागापर्यंत तिथेच राहील तो.”

“कोटाचं नशीब,” धाकटी म्हणाली. कुणाचं लक्ष नव्हतं.

मालिका सुरू झाल्यावर समोर नव्याने राहायला आलेली शेजारीण रोज धाकटीकडे येऊन बसू लागली. कवयित्री हिची बहीण, हे तिला माहीत नव्हतं. धाकटीनेही सांगितलं नव्हतं.

एके दिवशीच्या भागात थोरली घर सोडून मोठ्या शहरात निघाली. खरं तर तिची ट्रंक धाकटीने स्टेशनपर्यंत उचलून नेली होती. गाडी सुटताना थोरली गळ्यात पडून रडली होती, जम बसला की तुला नेते म्हणाली होती. जम बसला. न्यायचं राहून गेलं. पडद्यावर मात्र ट्रंक तिची तीच उचलत होती.

“काय गं बाई, एकटीच निघाली पोर,” शेजारणीने डोळ्याला रुमाल लावला. मग थांबून म्हणाली, “पण मावशी, तो छोटा कोट हो कुणाचा? पहिल्यापासून लटकतोय.”

“आहे एका मुलीचा.”

“ती तर कधी दिसलीच नाही.”

“कामाला गेली असेल,” धाकटी म्हणाली.

पडद्यावर थोरलीने आपला कोट ओढून घेतला आणि दार लावून ती निघून गेली. खोली रिकामी झाली. खुंटीवरचा छोटा कोट जरासा हलला आणि तिथेच राहिला.